शेवटच्या थांब्यावरचं ताट

कानकुन,
२९ डिसेंबर १९९७

लँडीताई,

तुला ताई म्हणायचा हक्क मला राहिलाय की नाही, ठाऊक नाही. पण काल दिवसभर बसमध्ये तू मला "सर" म्हणत होतीस आणि मी तुला "मिस" म्हणत होतो, ते आता पुरे झालं. हॉटेलच्या कागदावर लिहितोय. मारिसेला पोरांना घेऊन समुद्रावर गेलीय. 

माझा फोटो तिथे कुणी ठेवला?

आधी हे सांग, मग बाकीचं बोलू. पितरांच्या टेबलावर, हिरव्या क्रूसाखाली, बाबांच्या फोटोला लागून मी! पुढे मेणबत्ती, मेणबत्तीपुढे ताट. अगं, मी धडधाकट तिथे उभा होतो, गळ्यात कॅमेरा घालून. एक अमेरिकन बाई माझ्या खांद्यावरून वाकून त्या फोटोचा फोटो काढत होती. मलाच म्हणाली, "किती तरुण होता बिचारा." मी मान डोलावली. दुसरं काय करणार?

ही सहल मी मागितली नव्हती. मारिसेलाने लॉबीत जाऊन परस्पर नावं घातली. वायादोलिद, चिचेन इत्सा, इसामाल आणि शेवटी "अस्सल माया घराला भेट". त्या अस्सल घराचं गाव कागदावर कुठे होतं? सकाळी बसच्या दारात गाईड म्हणून तुला पाहिलं. तू यादीत माझं नाव वाचलंस, वर पाहिलंस, मी नको म्हणून मान हलवली. तू गप्प राहिलीस, त्याबद्दल उपकार.

चिचेनचा पिरॅमिड मी चढलो, उतरलो, मला काही आठवत नाही. इसामालहून परतताना बस मोठ्या सेइबाच्या झाडापाशी डावीकडे वळली. त्याच वळणावर सायकलवरून पडून मी पुढचा दात पाडून घेतला होता. म्हटलं, पुढच्या कुठल्या तरी गावाला जात असेल. तर होलपाकला थांबली. आमच्या दारात!

आई केवढीशी झालीय गं. भरतकामाचा पांढरा झगा तोच, आतली बाई अर्धी. भाकऱ्या थापत होती आणि रांगेतल्या प्रत्येकाच्या हातात गरम गरम देत होती. आमच्या चौघांची पाळी आली तर भाकऱ्या नेऊन टेबलावर ठेवल्या, तोंड फिरवलं. माया भाषेत पुटपुटली, "जायच्या आधी खाऊन जा, वाट लांबची आहे." तू लगेच माईकवर, "आजी म्हणतात, आस्वाद घ्या!" पोरं बुफे जेवून तुडुंब, त्यांनी नाकं मुरडली. मीही हात लावला नाही. लावला असता तर तिथेच रडलो असतो.

तिने मला ओळखलं नाही. डोळे अधू झालेत ना तिचे? आणि मीही किती सुटलोय. तेच बरं झालं म्हणायचं.

आठवतं का, लहानपणी पितरांपुढचं ताट दुसऱ्या दिवशी आपल्याला मिळायचं. आई म्हणायची, "बघा, चव गेली, आजोबा जेवून गेले." मी म्हणायचो, "आई, तू मीठच घातलं नव्हतंस." माझं रोजचंच ते रडगाणं, मीठ नाही, मीठ नाही. मग एक टपली बसायची.

फोटो काढून टाक ताई. सहलीच्या कंपनीला सजावट हवी असेल तर दुसऱ्या कुणाचा लावा. जिवंत माणसाचं ताट मांडणं म्हणजे त्याला बोलावणं धाडणं, हे तुला मी सांगायला नको. उत्तर घरी पाठवू नकोस. मी काम करतो त्या रेस्टॉरंटचा पत्ता खाली दिलाय.

गेनेर


वायादोलिद,
१४ जानेवारी १९९८

गेनेर,

मेल्या, असंच लिहायला घेतलं होतं, पण जीभ चावली. तुझ्या बाबतीत तो शब्द हल्ली आमच्या तोंडून सहज निघत नाही.

माझ्यावर कसला ओरडतोस? फोटो मी ठेवला नाही, कंपनीनेही नाही. तुझ्या आईने ठेवला.

कंपनीला पितरांचं टेबल बारा महिने मांडलेलं लागतं, कारण पर्यटक काही नोव्हेंबरातल्या पितरांच्या दिवसांसाठी थांबत नाहीत. फळं प्लास्टिकची, पाव प्लास्टरचे, आठवड्यातून एकदा धूळ झटकली की झालं. साहेब म्हणाला, टेबल रिकामं दिसतंय, आणखी एखादा फोटो मिळवा. आता गावात असा फोटो कोण देणार? तर मावशी उठली, आत गेली आणि तुझा घेऊन आली. तू पहिल्या वर्षी पाठवलेला, कुणाच्या तरी लाल गाडीला टेकून उभा आहेस तो. म्हटलं, "मावशी, वेड लागलं का तुला? तो जिवंत आहे."

"जिवंत आहे तर पत्र कुठाय?" ती म्हणाली. "माझा गेनेर आईला पत्र लिहिल्याशिवाय राहील? गेला तो. मी त्याचं ताट मांडलं नाही तर ज्यांचं कुणी नाही त्यांच्याबरोबर लोकांच्या दारोदार उभा राहील. माझं पोर भीक मागणार?"

टेबलावरचं बाकी सगळं प्लास्टिक आहे, तुझं ताट तेवढं खरं. बस असो नसो, रोज वाढते. भोपळ्याच्या बियांची चटणी, उकडलेलं अंडं, दोन भाकऱ्या.

आता माझं ऐक. इसामालला त्या पिवळ्या मठाच्या पायऱ्यांवर तू पोराला शू करायला घेऊन गेलास, तेव्हा तुझी बायको माझ्याशेजारी येऊन बसली. चांगली बाई आहे. माझा घसा बसलेला बघून स्वतःच्या बाटलीतलं लिंबाचं सरबत मला दिलं. म्हणाली, "माझा नवराही इकडचाच, मेरिदा शहरातला. पण बिचाऱ्याचं कुणीच नाही हो. आई तर तो लहान असतानाच गेली."

गेनेर! मी चक्कर येऊन पडायची बाकी राहिले. उन्हात उभं राहून मी रोज चाळीस माणसांना सांभाळते, त्या दिवशी मला कुणी सांभाळावं असं झालं. पुढे माईकवर काय बडबडले, देव जाणे. तोंडाने मठाच्या कमानी दाखवत होते आणि डोळ्यांपुढे मावशीचे हात होते, तुमच्या बससाठी सकाळपासून पीठ मळणारे.

तरी इसामालपासून होलपाकपर्यंत मी आशा धरून होते. म्हटलं, आईला दारात बघेल तेव्हा तरी तोंड उघडेल. आणि तू काय केलंस? चुलीचा फोटो काढलास.

तिने तुला मेलेलं मानलं, याचा तुला एवढा धक्का बसला. तू तिला कधी मारलंस, ते आधी सांग.

लँडी


सान फ्रान्सिस्को,
८ फेब्रुवारी १९९८

लँडीताई,

तुझं पत्र भांडी घासायच्या खोलीत उभ्या उभ्या वाचलं. तुला तिथे बसून बोलणं सोपं आहे.

मी आलो तेव्हा मारिसेलाच्या वडिलांच्या गॅरेजमध्ये पथारी टाकून राहत होतो. त्यांनी पहिल्याच दिवशी विचारलं, घरी कोण कोण? इथे आपलेच लोक आपल्याला हसतात गं. तोंडातून माया भाषेतला एक शब्द निघाला की "आला रानातला" म्हणतात. मी म्हटलं, मेरिदाचा आहे, मागे कुणी नाही. एका वाक्यात सुटलो. त्यांना दया आली, जेवायला घरात बोलावलं. पुढे लग्नाचं निघालं. तेव्हा काय सांगणार होतो, माझी आई अचानक जिवंत झाली म्हणून? मी पत्र लिहिलं असतं तर तिचं उत्तर याच घरी आलं असतं. म्हणून लिहिणं थांबवलं. मग एक वर्ष गेलं, दुसरं गेलं आणि पुढे तर लाजच वाटायला लागली.

जाऊ दे ते. तू तिला एवढंच सांग की मी जिवंत आहे. कुणी तरी पाहिला म्हणावं, सुखी आहे म्हणावं, कामामुळे येता येत नाही म्हणावं. ती तुझं ऐकेल. आणि ते ताट बंद कर. ताई, थट्टा नाही, ब्रेंडाला परत आल्यापासून ताप आहे. डॉक्टर म्हणतात साधाच आहे, चार पोरांना असतो तसा. मी इंग्रजीत "थँक यू" म्हणतो आणि घरी येऊन रात्रभर ते ताट आठवत पडून राहतो. मारिसेला विचारते, काय झालंय तुला? काय सांगू तिला?

निदान आईने मला ओळखलं नाही, एवढी तरी देवाची कृपा.

गेनेर


वायादोलिद,
१ मार्च १९९८

गेनेर,

बसून वाच.

तिने तुला ओळखलं. दारातून आत पाऊल टाकलंस तेव्हाच ओळखलं. सगळ्यांना भाकरी हातात दिली आणि तुम्हा चौघांची टेबलावर ठेवली, ते का? तू त्या घरात वाढलास आणि तुला एवढंही कळलं नाही? आत्म्यांना कुणी हातात देतं का रे? आणि "वाट लांबची आहे" हे ती पर्यटकांना कधी म्हणते? ते फक्त नोव्हेंबरात आलेल्या पितरांना म्हणतात.

बस सुटायच्या आधी मी माझी छत्री घ्यायला परत आत गेले, तर मावशी जमिनीवर बसून रडत होती. "आला होता गं लँडी, बायको-पोरांना घेऊन आला होता. म्हणजे सगळेच गेले. गाडीच उलटली असेल." मी म्हटलं, अगं मावशी, ती जिवंत माणसं आहेत, बसमध्ये बसलीत! तर उठली, तुझ्या ताटातली चटणी बोटाने चाटली आणि बोट माझ्या तोंडाशी धरलं. "बघ, अळणी. जेवून गेला."

आता हसू की रडू? दवाखान्यातल्या बाईने ब्लडप्रेशरसाठी तिचं मीठ बंद केलंय. सप्टेंबरपासून त्या घरात सगळंच अळणी! हे मी तिला सांगितलं तर माझ्याकडे असं पाहिलं की खुळी मीच.

हे मी तुला आधीच्या पत्रात लिहिलं नव्हतं. वाटलं होतं, चार दिवसांनी तिच्या डोक्यातून जाईल. गेलं नाही. त्या दिवसापासून टेबलावर आणखी तीन ताटं आहेत. तुझ्या बायकोचं तुझ्याजवळ, पांढऱ्या कापडावर. पोरांची वेगळी, रंगीत कापडावर, तिखट न घालता. शेजारी मातीची शिट्टी आणि चिंध्यांची बाहुली. नावं ठाऊक नाहीत म्हणून नुसतं "बाळांनो, या" म्हणते. हो, ब्रेंडाचंही ताट. तुझ्या पत्रात तापाचं वाचलं आणि तशीच होलपाकला गेले, बाहुली गुपचूप पिशवीत घालून घेऊन आले. दुसऱ्या दिवशी मावशीने नवी शिवली.

मग मी सगळं सांगून टाकलं. तू कुठे असतोस, काय करतोस, बायकोचं नाव, पोरांची नावं. एकच गोष्ट सांगितली नाही, तू तिच्याबद्दल तिकडे काय सांगितलंयस ती. माझी जीभच उचलली नाही. मावशी भाकरी थापत ऐकत होती. झाल्यावर म्हणाली:

"जिवंत माणूस आईच्या दारात येऊन आई न म्हणता जाईल? माझा मुलगा असा आहे? तू म्हणतेस तो जिवंत आहे, तर मला हे मानावं लागेल. नको मला ते. गेलाय, तेच बरं. गेलेला निदान माझा आहे."

तुझा निरोप मी पोचवला, बाबा. आता मला काही सांगू नकोस. तो फोटो उतरवणं तुझ्याशिवाय कुणाच्या बापाला जमणार नाही.

ब्रेंडाचा ताप उतरला का? तेवढं लगेच कळव.

लँडी


सान फ्रान्सिस्को,
१८ मार्च १९९८

ताई,

ताप उतरला. चांगली खेळतेय.

तुझं पत्र मी मारिसेलाच्या हातात दिलं. तोंडाने बोलणं माझ्याच्याने झालं नसतं. ती स्वयंपाकघरात उभी राहून वाचत होती आणि वाचता वाचता खुर्ची ओढून बसली. माझ्याकडे अनोळखी माणसाकडे पाहावं तशी पाहत होती. मग विचारलं, "आणि माझ्याबद्दल बाहेर काय सांगतोस? मीही मेलेय का?" त्यानंतर बोलणंच बंद. मी घरात असून नसल्यासारखा. शेवटी एके सकाळी तिनेच तोंड उघडलं. "माझ्या पोरांची ताटं उतरवायला मी स्वतः जाणार आहे. तुला यायचं तर ये."

ईस्टरच्या आधीच्या पवित्र आठवड्यात येतोय. मी म्हटलं, थेट गाडी करून होलपाकला जाऊ. तर म्हणाली, नाही, त्याच बसने जायचं, त्याच रांगेत उभं राहायचं. जिथे गप्प बसलास तिथेच बोल, चाळीस माणसांसमोर.

मला भीती वाटतेय ताई. आईला आधी काही सांगू नकोस. आणि तू मात्र बसमध्ये राहा.

गेनेर


होलपाक,
१० एप्रिल १९९८

लँडीताई,

नेमकं तुलाच त्या जर्मन लोकांबरोबर पालेंकेला पाठवायचं होतं का कंपनीला? वेन्सेस होता माईकवर. तेच पिरॅमिड, तोच पिवळा मठ, तेच विनोद, तुझ्यापेक्षा वाईट सांगितलेले. हे पत्र त्याच्याकडेच देतोय. तू परत आलीस की लगेच तुझ्या हातात पडेल.

आत पाऊल टाकलं तर चारही ताटं समोर. रंगीत कापड, शिट्टी, बाहुली. तुझ्या पत्रात वाचणं वेगळं होतं गं. मारिसेलाने दोन्ही पोरांना असं घट्ट धरलं की धाकटा रडायला लागला. रांग सरकत होती. आईने सगळ्यांना हातात भाकरी दिली, आमच्यापाशी आली, मान खाली, आणि चार भाकऱ्या टेबलावर ठेवल्या. "जायच्या आधी खाऊन जा."

मी म्हटलं, "आई."

तिने वर पाहिलं नाही. लहान पोराला समजावतात तशा आवाजात म्हणाली, "हो रे बाळा. आधी खा."

"आई, मी जिवंत आहे."

"हो, हो. सगळ्यांना तसंच वाटतं. खा."

तिथल्या स्टुलावर बसलो, माझ्याच फोटोसमोर, आणि माझं ताट पुढे ओढलं. भाकरीचा तुकडा मोडला, चटणीत बुडवला, तोंडात घातला. आणि ताई, शपथेवर सांगतो, मी काही ठरवलं नव्हतं, तोंडातून आपसूक निघून गेलं, "आई, यात मीठ नाही."

तिचे हात पिठात तसेच थांबले. वळली. माझ्याजवळ आली, पिठाच्या हातांनी माझा चेहरा धरला, वरचा ओठ उचलून पडलेल्या दाताची खिंड बघितली. आणि काय सांगू, अशी एक कानफटात दिली की स्टुलावरून पडायचाच राहिलो. "मेलेला मीठ मागत नाही!" असं ओरडली, दुसरी दिली, "मेलेला मीठ मागत नाही!" आणि मग माझ्या गळ्यात पडून जी रडली! लोकांनी टाळ्या वाजवल्या. त्यांना वाटलं, हाही कार्यक्रमातलाच भाग. टोपीवाल्या एका माणसाने तर वेन्सेसला विचारलं, फिल्म संपली होती, पुन्हा एकदा मारायला सांगता का?

नंतर तिने एकेक मेणबत्ती विझवली. पोरांची ताटं उचलून अंगणात कोंबड्यांपुढे उलटी केली, रंगीत कापडाची घडी केली आणि बाहुली ब्रेंडाला दिली. हातात दिली, ताई. मी बघत होतो. माझा फोटो तिने स्वतःच उतरवला, झग्याच्या टोकाने पुसला आणि पेटीत ठेवला. टेबलावर आता बाबा आणि आजोबाच आहेत. तुमचा साहेब काय म्हणायचं ते म्हणो.

बस गेली, आम्ही राहिलो. मारिसेला अजून माझ्याशी बोलत नाही, पण चुलीपाशी आईला चिकटून बसते, बोटं भाजून घेते. त्या दोघींना एकमेकींची भाषा धड कळत नाही आणि तरी माझ्या तक्रारी चालू आहेत, हे मला बरोबर समजतं.

हे पत्र इथेच संपवणार होतो. पण आज सकाळची गोष्ट तुला सांगितली नाही तर माझा जीव जाईल.

मी टांगलेल्या झोळीत पडलो होतो. ब्रेंडा चुलीजवळ बसून आजीला काहीबाही सांगत होती, तिच्या स्पॅनिशमध्ये. शाळेचं, कुत्र्याचं. आणि मध्येच म्हणाली, "आजी, पप्पा सांगायचे की तू मेलीस."

आईला स्पॅनिश फारसं येत नाही. पण तेवढं येतं.

मारिसेलाच्या हातातलं भांडं पडलं. मी झोळीतून उठलो. मला वाटलं, आता पुन्हा मारेल, आणि मारलं असतं तर बरं झालं असतं. तिने मारलं नाही. रागावलीही नाही. तव्याशी बसल्या बसल्या माझ्याकडे वळली आणि मायात विचारलं, अगदी हळू, मी जेवलो का असं विचारावं तसं:

"मेले म्हणालास ते असू दे. पण मग तिकडे माझं ताट वाढत होतास ना रे? निदान नोव्हेंबरात?"

ताई, मी काय सांगू तिला? तव्यावरची भाकरी करपायला लागली तरी तिने ती उलटली नाही. माझ्या तोंडाकडे बघत राहिली.

गेनेर